शाबूत पायाचा स्टॉपर

जो ठामपणे उभा राहतो, तोच अखेरपर्यंत टिकतो. तुझ्या पुण्यानुमोदनाच्या सभेत माजी नगरसेवकांनी हे वाक्य दोनदा म्हटलं आणि दुसऱ्यांदा म्हणताना तुझ्या फोटोकडे हात केला. हॉलमध्ये खुर्च्या कमी पडल्या होत्या, मिल्या. जे उभे होते ते सगळ्यात आधी घरी गेले.

भन्तेजी बोलले ते थोडकं आणि कामाचं. बाकीच्यांनी तुला मोठा करायचा चंगच बांधला होता. बाहेरच्या फ्लेक्सवर तुझ्या नावाआधी ‘फुटबॉलमहर्षी’ असं छापलं होतं. खाली शोकाकुल म्हणून जे चेहरे होते त्यातले बहुतेक हसत होते, कारण वाढदिवसाच्या फ्लेक्ससाठी काढलेले फोटोच त्यांनी छपाईला दिले होते. नगरसेवक म्हणाले, मिलिंदजी आणि मी एकत्र खेळलोय. कुठल्या मैदानावर, हे विचारायला तू नव्हतास, आणि मी तोंड उघडणार तेवढ्यात शोभा वहिनींनी माझ्याकडे असं पाहिलं की मी पाण्याचा ग्लास उचलला.

मलाही बोलायला सांगितलं होतं. मी नाही बोललो. मला जे सांगायचं होतं त्यात लाल्या आला असता, आणि लाल्या कोण हे त्या हॉलला समजावून सांगेपर्यंत चहा फिरला असता. शिवाय त्यात ‘खांब’ हा शब्दही आला असता. तीस वर्षं तुला लोक खांब म्हणाले, कळव्यात म्हणाले, कंपनीत म्हणाले, ठाकुर्लीच्या ग्राउंडवर पोरंसुद्धा पाठीमागे म्हणाली. सभेत तेवढा एक शब्द कोणी काढला नाही. माणूस गेला की त्याच्याबद्दलची एकमेव खरी माहिती आधी काढून घेतात.

म्हणून इथे लिहितो. तुझ्याशी भांडण अर्धं राहिलंय.

कंपनीतल्या खात्यांची फुटबॉल स्पर्धा असायची. आपण दोघं वाइंडिंग खात्यात, दोघंही बदली कामगार. मी पुढे लेफ्ट आउट, तू मागे बचावात स्टॉपर. त्या वर्षीची फायनल बॉयलरवाल्यांशी होती, आणि सगळ्यांना माहीत होतं की साहेब लोक मांडवात बसून कंपनीच्या टीमसाठी माणसं हेरणार आहेत. कंपनीच्या टीममध्ये गेलेला माणूस पर्मनंट व्हायचा. तुझं नाव नक्की धरलेलं. तुझ्या आईने चाळीत आधीच सांगून ठेवलेलं, जे तिने करायला नको होतं.

शेवटची काही मिनिटं, शून्य-शून्य. त्यांचा राइट आउट एकटा सुटला. त्याच्या आणि आपल्या गोलीच्या मध्ये फक्त तू. मी अर्ध्या ग्राउंडावरून ओरडलो, "मिल्या, जा! अंगावर जा!" तू गेला नाहीस. अर्धं पाऊल मागे सरकलास, हात जरा फाकवलेस आणि थांबलास. त्या गृहस्थाने एकदा तुझ्याकडे पाहिलं, एकदा गोलकडे पाहिलं, आणि पोस्टात पत्र टाकावं तसा बॉल कोपऱ्यात टाकला.

मांडवातून कोणीतरी विचारलं, "अरे, हा माणूस आहे का खांब?"

लोक हसले. साहेबही हसले. संध्याकाळी टीम जाहीर झाली त्यात तू नव्हतास. कंपनी बंद पडेपर्यंत तू बदलीच राहिलास. रोज सकाळी गेटवर जाऊन उभं राहायचं आणि कोणी गैरहजर आहे का ते बघायचं. उभं राहायची मला प्रॅक्टिस आहे, असं तूच म्हणायचास, आणि ऐकणाऱ्याला हसावं की नाही ते कळायचं नाही. मी हसायचो.

त्याच सामन्यात मी दोन उघडे गोल बाहेर मारले होते. मला कोणी नाव ठेवलं नाही. फॉरवर्ड चुकला तर लोक अरेरे म्हणतात. स्टॉपर चुकला तर त्याचं बारसं करतात. पुढे मी बँकेच्या परीक्षा देऊन सुटलो, तू डोंबिवलीच्या एमआयडीसीत स्टोअरकीपर झालास, आणि आपण दर भेटीत तोच सामना पुन्हा खेळत राहिलो.

"जायला हवं होतं," मी म्हणायचो.

"गेलो असतो तर त्याने सहज बाजूने काढला असता. थांबलो म्हणून त्याला विचार करावा लागला."

"त्याने विचार केला आणि गोल मारला."

"तो त्याचा प्रश्न. मी माझं काम केलेलं."

यात लाल्या आला तो एका रविवारी दुपारी. तुझा फोन आला.

"नंद्या, टीव्ही लाव. स्पोर्ट्सचं."

"जेवतोय मी."

"जेव नंतर. रिप्ले दाखवतायत."

पडद्यावर पाऊसपाण्यातलं कुठलंतरी स्कॉटिश मैदान, आणि त्यावर लाल केसांचा एक दांडगा स्टॉपर. समोरून एक विजेसारखा पोरगा एकटा सुटून आलेला. सगळं स्टेडियम ओरडतंय. आणि हा लाल्या अर्धं पाऊल मागे सरकला, हात जरा फाकवले आणि थांबला. पोरगा गोंधळला, बॉलला एक टच जास्त दिला, गोलीने पुढे येऊन बॉल उचलला.

"बघितलंस? थांबला," तू म्हणालास. तुझा श्वास लागला होता, जणू तूच धावून आला होतास. "कॉमेंट्रीवाला काय म्हणाला ऐकलंस? म्हणाला, हे शिकवून येत नाही. आतून यावं लागतं."

त्या दिवसापासून लाल्या तुझा वकील झाला. त्याला काहीतरी खरं नाव होतं, पण ते तुझ्या तोंडी मी फार कमी ऐकलं. आणि वकिलाची कारकीर्द अशिलाला जितकी पाठ असू नये तितकी तुला पाठ झाली. तुझ्यामुळे मलाही झाली, माझी काही इच्छा नसताना.

जहाजं बांधणं थांबलेल्या एका बंदराच्या गावातला तो. पहिल्या क्लबने पाय जड म्हणून पोरवयातच काढून टाकलं. मग खालच्या डिव्हिजनमध्ये, जिथे आठवडाभर लाद्या बसवायच्या आणि शनिवारी खेळायचं. तिथून हळूहळू वर. एका मध्यम क्लबचा कॅप्टन. वरच्या लीगमध्ये एकच सीझन. देशासाठी एकदाच खेळला, तेही शेवटच्या मिनिटांत बदली म्हणून, आणि तो शब्द उच्चारताना तू माझ्याकडे मुद्दाम बघायचास. त्या मिनिटांत त्याचा बॉलला दोनदा स्पर्श झाला. त्यातला एक थ्रो-इन होता.

"पण थ्रो बरोबर गेला ना आपल्या माणसाकडे?" तू विचारायचास.

मग त्याने स्वतःच्याच गोलमध्ये बॉल मारला आणि त्याचा क्लब खालच्या डिव्हिजनमध्ये गेला. लोकांनी त्याची जर्सी जाळली. तू त्या आठवड्यात माझ्याशी नीट बोलला नाहीस, जणू जर्सी मी पेटवली होती. पुढे गुडघे गेले. एका क्लबातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात. तू मोबाइलवर मला क्लिपा दाखवायचास आणि प्रत्येक क्लिपमध्ये स्टेडियम लहान होत जायचं, शेवटी तर गोलच्या मागे मेंढ्या चरताना दिसायला लागल्या. मी म्हटलं, अरे हा आता तुझ्या लेव्हलला आला. तू म्हणालास, "मी वर गेलो असेन, तुला काय माहीत."

आणि मग, उतरत्या वयातले परदेशी खेळाडू येतात तसा तो अर्धा सीझन भारतात येऊन गेला, लांबच्या एका शहरात. तुला रजा मिळाली नाही. नंतर तो कुठल्याशा फुटबॉल अकॅडमीचा मार्गदर्शक झाला, म्हणजे अकॅडमीने कृत्रिम गवताचं नवं टर्फ काढलं की येऊन फीत कापायची.

दरम्यान तू ठाकुर्लीत रविवारी सकाळी पोरांना शिकवायला लागला होतास. तू काय शिकवायचास? थांबायला. "आधी थांबा. तो काय करतो बघा. घाई त्याला आहे, आपल्याला नाही." पालक कडेला उभे राहून घड्याळ बघायचे. एका आईने तुला विचारलेलं मी ऐकलंय, "सर, आमचा अथर्व गोल कधी मारणार?" तू म्हणालास, "तो गोल होऊ देत नाहीये ना, ते बघा." पुढच्या रविवारी अथर्व कराटेला गेला.

आता घोडबंदर रोडची ती दुपार. ती सभेत सांगण्यासारखी नव्हती.

माझी मुलगी ज्या गृहसंकुलात राहते तिथे टर्फचं उद्घाटन होतं आणि प्रमुख पाहुणा लाल्या होता. मी तुला फोन केला. तू म्हणालास, "एक प्रश्न विचारता येईल का?" तेव्हा तुझे पाय सुजायला लागले होते. डॉक्टरांनी हृदय थकलंय असं सांगितलेलं, आणि तू ते शोभा वहिनींना ‘जरा वाताचं आहे’ असं सांगितलेलं. इस्त्रीचा फुल शर्ट घालून आलास. रिक्षात ओठातल्या ओठात इंग्रजी वाक्य घोळवत होतास.

ढोल-ताशा होता. शाल होती, श्रीफळ होतं, मूर्ती होती, फेटा होता. फेटा बांधायला लाल्याची टोपी काढली तेव्हा कळलं की त्याच्या डोक्यावर एकही केस उरलेला नाही. तू मला कोपर मारलंस: "काही बोलू नकोस." मी काही बोललो नाही. बिल्डर मात्र बोलला, स्पोर्ट्समन स्पिरिट आणि उरलेल्या फ्लॅट्सबद्दल. तिथले नगरसेवक बोलले. लाल्या घामाने निथळत, नारळ मांडीवर धरून, काही कळत नसताना प्रत्येक टाळीला टाळी देत होता. तेवढा शिस्तीचा माणूस मी त्या स्टेजवर दुसरा पाहिला नाही.

मग प्रश्न. एका मुलीने विचारलं, तुम्हाला वडापाव आवडतो का. दुसऱ्याने फिटनेसबद्दल विचारलं. तिसरा हात तुझा होता. निवेदिका म्हणाली, "काका, पटकन हं." तू उभा राहिलास, माइक घेतलास आणि तो सामना सांगितलास, कुठलं मैदान, समोर कोण, कितवं मिनिट. आणि विचारलंस: सगळे ओरडत होते जा म्हणून, तुम्ही गेला नाहीत. थांबलात. का?

लाल्याचा चेहरा बदलला. त्याला आठवत होतं. ठाण्यात कोणीतरी हे विचारेल असं त्याला स्वप्नातही वाटलं नसणार. तो पुढे झुकला आणि भरभरून बोलला, हातवारे करत, मध्येच स्वतःच हसत. त्याचं स्कॉटिश वळणाचं इंग्रजी त्या मांडवात दुसऱ्या कोणालाही कळलं नाही. बिल्डर मान डोलवत होता. मला एक ‘लेग’ कळलं. निवेदिका गोड हसून तुझ्याकडे वळली, "काका, सर काय म्हणाले? सगळ्यांना सांगा ना मराठीत."

वीस वर्षं तू त्याच्या मुलाखती ऐकल्या होत्यास. तुला शब्दन् शब्द कळला होता.

मी तुझ्याकडे बघत होतो. उत्तर तुझ्या एकट्याकडे होतं, आणि लाल्याला मराठी येत नव्हतं. तू काहीही सांगू शकला असतास. थांबणं हीच खरी कला, असं म्हणाला असतास तर टाळ्या पडल्या असत्या आणि बिल्डरने ते क्लबहाउसच्या भिंतीवर रंगवून घेतलं असतं. तुझा खटला तिथे निकाली निघाला असता. मीही मान्य केलं असतं, नाइलाजाने.

तू माइक तोंडाजवळ नेलास. "सर म्हणतात, मागे धावताना त्यांच्या मांडीचा स्नायू फाटलेला. पुढचं पाऊलच टाकता येत नव्हतं. ते म्हणतात, मी थांबलो नव्हतो, अडकलेलो. हात फाकवले ते पडू नये म्हणून. आणि मनात देवाला म्हणत होतो, ह्याने आत्ता मारू नये."

लोक पोट धरून हसले. लाल्याला वाटलं आपला विनोद पोहोचला, त्याने तुला अंगठा दाखवला. तूही दाखवलास. मग तू खाली बसलास आणि माइक शेजारच्या मुलाकडे दिलास, त्याला विचारायचं होतं की बक्षीस कधी वाटणार.

गेटबाहेर रिक्षा मिळेना. तू फुटपाथच्या कडेवर बसलास, बुटांच्या नाड्या सोडल्यास. मीही शेजारी बसलो.

"मग?" मी शेवटी म्हटलं.

"मग काय. त्याचा पाय गेलेला."

"हं."

"माझा शाबूत होता, नंद्या." तू वर बघितलंस. "मला जाता येत होतं. मी थांबलो. म्हणजे आमच्या दोघांत खरा थांबलेला मीच एकटा."

"आणि गोल झाला."

"तो वेगळा विषय आहे."

तो वेगळा विषय आहे, हे तू इतक्या शांतपणे म्हणालास की मी रिक्षा शोधायला उठलो.

पुढचे आठवडे आपण त्यावरच भांडलो. माझं म्हणणं होतं, तुझा एकमेव साक्षीदार उलटला, आता गुन्हा कबूल कर. तुझं म्हणणं होतं, साक्षीदाराची गरजच नव्हती, इतकी वर्षं उगाच त्या बिचाऱ्याला त्रास दिला. हॉस्पिटलात शेवटचा भेटलो तेव्हा तू उशीला टेकून बसला होतास, बोलताना मध्ये थांबावं लागत होतं. शोभा वहिनी म्हणाल्या, "नंदूभावजी, आज तरी फुटबॉल नको." मी बरं म्हटलं, आणि त्या औषधं आणायला खाली गेल्यावर तुला म्हणालो, "ते शाबूत पायाचं तुला रस्त्यावर बसल्यावर सुचलं. ग्राउंडावर तू काही विचार-बिचार केला नव्हतास. घाबरला होतास."

मरणाऱ्या माणसाशी असं बोलू नये म्हणतात. पण गोड बोललो असतो तर तुला लगेच कळलं असतं की डॉक्टर मला बाहेर काय म्हणाले.

"घाबरलेला माणूस पळतो नाहीतर अंगावर जातो," तू म्हणालास. "उभा राहत नाही." मग दम लागला. तेवढ्यात वहिनी आल्या आणि आपण पावसाळ्यातल्या डासांबद्दल बोलायला लागलो.

याला माझ्याकडे उत्तर आहे. चांगलं आहे. दुसऱ्या दिवशी सांगणार होतो. पहाटे वहिनींचा फोन आला.

एक गोष्ट मात्र मी मुद्दाम सांगितली नव्हती, उशीर झाला म्हणून राहिली असं नाही. त्या मांडवात माइक हातात आल्यावर तू थांबला नाहीस. तू गेलास, सरळ अंगावर, आणि स्वतःलाच आडवं केलंस. इतका स्वच्छ टॅकल मी तुझ्याकडून आयुष्यात पाहिला नव्हता, दुसऱ्या कोणाकडूनही नाही. मी इतकी पुस्तकं वाचली, बँकेत इतकी माणसं पाहिली, पण स्वतःच्या विरुद्धची साक्ष इतक्या शुद्ध मराठीत भाषांतर करून सांगणारा माणूस एकच भेटला, आणि तो माझ्या शेजारच्या खुर्चीवर बसला होता. हे बोललो असतो तर तू लगेच म्हणाला असतास, "म्हणजे कुठे जायचं आणि कुठे थांबायचं मला कळतं. कर मान्य." आणि मला ते मान्य करायचं नव्हतं. अजूनही करायचं नाही. बॉयलरचा तो राइट आउट उजव्या पायाचा होता, मिल्या. तू डावीकडून गेला असतास तर बॉल गेला नसता. तुझी आई खोटी पडली नसती. गेटवरची ती सगळी वर्षं तुला उभं राहावं लागलं नसतं. मी हे जन्मभर म्हणत आलो ते जिंकायला नाही. तुझं जे झालं ते मला सोसत नव्हतं, आणि त्याला एखादं कारण असावं असं वाटायचं. अर्ध्या पावलाएवढं का होईना.

लाल्या मजेत आहे. मागच्या आठवड्यात त्याने नवी मुंबईत एक फीत कापली.

आणि तुझ्या नावाने स्पर्धा झाली. तुझ्या जुन्या पोरांनी ठाकुर्लीत एक टर्फ सकाळभर घेतलं, चषकाला तुझं नाव दिलं, जर्सीच्या पाठीवर तुझा फोटो छापला. सुरुवातीला सगळे मान खाली घालून एक मिनिट उभे राहिले. कोणी हललं नाही, तू पसंत केलं असतंस. मग निवेदकाने सांगितलं की मिलिंद सरांनी आयुष्यभर ज्या बचावाचा ध्यास घेतला, तोच आज या मैदानावर प्रत्येक खेळाडूच्या रूपाने जिवंत आहे. शोभा वहिनींनी डोळे पुसले. मीही चष्मा काढला.

उत्कृष्ट बचावपटूचं बक्षीस विजेत्या संघाच्या मुलाला मिळालं. फायनल अकरा-नऊ गोलांनी संपली.